होकायंत्रावर एकच आकडा धरला, तरी वाट चुकते कशी?

तासगावहून एकाने विचारलंय, थोडक्यात असं: "जुलैत चाळकेवाडीच्या पठारावर मित्रांबरोबर धुक्यात अडकलो. मोबाईलच्या नकाशात गाडी दोन किलोमीटरवर, १९० अंशांवर, म्हणजे जवळजवळ दक्षिणेला दिसत होती. मग रेंज गेली, बॅटरीही गेली. होकायंत्रावर १९० धरून चालत राहिलो, आकडा एकदाही सोडला नाही. रस्त्याला लागलो पण गाडी दिसेना. डावीकडे वळून अर्धा तास चाललो, मग उलटे फिरलो. रस्त्याला लागलो होतो तिथून गाडी उजवीकडे दोनशे मीटरवर होती. एक मित्र म्हणतो, पृथ्वी गोल आहे, म्हणून एकाच बेअरिंगवर चाललं की वाट वाकडी होते, त्यालाच रंब लाइन म्हणतात. हे खरं का? आणि बेअरिंग, हेडिंग, कोर्स, ट्रॅक हे सगळं एकच ना?"

माझी सगळी नोकरी मर्चंट नेव्हीत झाली, आता साताऱ्यात असतो. तुमच्या मित्राचं अर्धं बरोबर आहे, आणि ते नेमकं तुमच्या उपयोगाचं नसलेलं अर्धं आहे. दोनशे मीटरचा दोष पृथ्वीच्या माथी मारू नका.

आधी हिशेब करू, म्हणजे तो विषय मिटेल. साताऱ्याहून सांगली सरळ हवाई अंतराने साधारण ११० किलोमीटर. एकाने सर्वांत जवळची वाट धरली आणि दुसऱ्याने सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच दिशाकोन, म्हणजे सुमारे १४६ ते १४७ अंश, काटेकोर पाळला, तर दोघांच्या वाटा मध्यावर एकमेकींपासून जास्तीत जास्त ४० मीटर लांब जातात. लांबीतला फरक चारेक सेंटीमीटर. अख्ख्या सातारा-सांगलीत चार सेंटीमीटर! तुमच्या दोन किलोमीटरमध्ये पृथ्वीच्या गोलाईचा वाटा काही मिलिमीटरचा. बाकीचे १९९ मीटर आणि वरचे ९९ सेंटीमीटर तुमचे, वाऱ्याचे आणि होकायंत्राचे.

आमच्याकडे एक ठोकळ नियम आहे, साठास एक. एक अंश चुकलात की साठ किलोमीटरला एक किलोमीटर बाजूला जाता. दोन किलोमीटरला एका अंशाचे ३३ मीटर होतात, म्हणजे दोनशे मीटरला सहा अंश. हे सहा अंश कुठून आले, हा तुमचा खरा प्रश्न. आणि आकडा सुटला नाही असं तुम्ही म्हणता ते खरं धरूनच त्याचं उत्तर देता येतं.

माझं आजोळ सांगलीचं. उन्हाळ्यात मामा आम्हा पोरांना कृष्णेवर पोहायला न्यायचा. अलीकडून समोरच्या सांगलवाडीच्या काठावरचं एक झाड दाखवायचा आणि म्हणायचा, जा. पाणी फार नसायचं, पण ओढ असायची. तीन पोरं तीन तऱ्हेने जायची. पहिला कायम झाडाकडे नाक ठेवायचा. पाणी त्याला खाली ढकलायचं, तो पुन्हा झाडाकडे वळायचा, पुन्हा ढकलला जायचा. पोचायचा, पण कोयत्यासारखी वाकडी वाट काढून, आणि शेवटी जवळजवळ प्रवाहाच्या तोंडावर हात मारत. दुसरा निघताना झाड बघायचा, त्या दिशेला शरीर लावायचा आणि मग मान खाली घालून ती दिशा अजिबात न सोडता पोहायचा. त्याची वाट सरळ असायची, पण तिरकी. झाडाच्या बऱ्याच खाली तो काठाला लागायचा आणि वर बघून चकित व्हायचा. तिसरा, माझा थोरला मावसभाऊ, झाडाच्या वरच्या अंगाला तोंड करून पोहायचा. बघणाऱ्याला वाटायचं, हा भलतीकडेच निघाला. पण सरकत सरकत बरोबर झाडाखाली यायचा.

तुम्ही चाळकेवाडीला दुसरा पोरगा झालात. पाण्याच्या जागी पठारावरचा वारा होता, एवढंच.

आता या तिघांवर शब्द बसवा. तुमचं नाक जिकडे आहे ते हेडिंग. जमिनीवर किंवा तळावर प्रत्यक्ष उमटते ती वाट म्हणजे ट्रॅक. जायचं ठरवलेली, नकाशावर पेन्सिलीने आखलेली दिशा म्हणजे कोर्स. आणि तुमच्यापासून दुसरी एखादी वस्तू कोणत्या दिशेला दिसते, तो कोन म्हणजे बेअरिंग. पहिल्या पोराचं हेडिंग आणि झाडाचं बेअरिंग कायम एकच होतं, पण दोन्ही सतत बदलत होती. दुसऱ्याचं हेडिंग पक्कं, झाडाचं बेअरिंग मात्र प्रत्येक हाताला सरकत होतं. तिसऱ्याचं दोन्ही पक्कं, पण आकडे वेगळे, आणि त्या दोन आकड्यांमधला फरक म्हणजे पाण्याची ओढ. जहाजावर आम्ही रोज हेच करतो. बारा नॉटने, म्हणजे ताशी बारा सागरी मैलांनी निघालेल्या जहाजाला आडवा दोन नॉटचा प्रवाह असेल तर नाक साडेनऊ अंश प्रवाहाच्या तोंडाकडे वळवून ठेवावं लागतं. लांबून बघणाऱ्याला वाटतं, जहाज खेकड्यासारखं तिरकं चाललंय.

शब्दांचा गोंधळ फक्त तुमचा नाही. जमीन मोजणारे सर्व्हेअर रेषेच्याच दिशेला बेअरिंग म्हणतात. ट्रेकवाले 'एकशे नव्वदचं बेअरिंग पकड' म्हणतात तेव्हा त्यांच्या मनात कोर्स असतो. वैमानिकांचा आणि आमचा कोर्स तंतोतंत जुळेलच असं नाही. त्यामुळे समोरचा माणूस कोणत्या धंद्यातला आहे हे कळल्याशिवाय शब्दावर वाद घालू नये. आणखी एक जुनी गंमत: वाऱ्याला नाव मिळतं तो जिथून येतो त्या दिशेचं, प्रवाहाला मिळतं तो जिकडे जातो त्या दिशेचं. नैऋत्य वारा आणि ईशान्य प्रवाह एकाच बाजूला ढकलतात. नवीन कॅडेट इथे हमखास अडखळतो. मीही अडखळलो होतो.

आता तुमच्या हातातल्या १९० बद्दल. तो खऱ्या, म्हणजे ध्रुवाकडच्या उत्तरेपासूनचा की चुंबकीय, म्हणजे काटा दाखवतो त्या उत्तरेपासूनचा? या दोन उत्तर दिशांमधला फरक म्हणजे दिक्पात, आमच्या बोलीत व्हेरिएशन. तो जागेनुसार आणि वर्षानुसार बदलतो. आपल्या सातारा-सांगलीत सुदैवाने तो अंशभराच्या आसपासच आहे, त्यामुळे चालणाऱ्याने सोडून दिला तरी चालतं. ही सवय घेऊन जगभर हिंडू नका, काही समुद्रांत तो वीस-वीस अंशांचा असतो. दुसरी चूक यंत्राच्या शेजाऱ्यांची, तिला डेव्हिएशन म्हणतात. जहाज स्वतःच लोखंडाचं, म्हणून ब्रिजवरच्या, म्हणजे जहाज जिथून चालवतात तिथल्या, मुख्य होकायंत्राच्या दोन्ही बाजूंना लोखंडी गोळे बसवून ती चूक मारतात. उरते तिचा तक्ता भिंतीवर लावतात. दोन्ही चुका मिळून जी येते तिच्यासाठी आम्हाला शिकवलेलं पालुपद: 'एरर वेस्ट, कंपास बेस्ट, एरर ईस्ट, कंपास लीस्ट.' म्हणजे चूक पश्चिमेची असेल तर होकायंत्राचा आकडा खऱ्यापेक्षा मोठा.

तुमच्या पठारावर जहाज नव्हतं, पण पवनचक्क्या होत्या. पोलादी मनोऱ्याच्या बुडाशी उभं राहून दिशा घेतली असेल तर ती रद्द समजा. आपला काळा दगड म्हणजे बेसाल्ट, त्यात मॅग्नेटाइट असतं, आणि एखाद्या उघड्या कातळावर होकायंत्र टेकवलं तर काटा बहकू शकतो. मोबाईलचं चुंबकाचं झाकण असलेलं कव्हर छातीच्या खिशात आणि होकायंत्र छातीसमोर धरलेलं, हा प्रकार तर मी तीनदा पाहिला आहे. यातलं तुमच्या बाबतीत काय झालं हे इथून सांगता येणार नाही. होकायंत्र हातात घेऊन एकाच दूरच्या खुणेकडे बघत वीस पावलं चाला. आकडा हलला तर जागेत खोट आहे.

पण पैज लावायची झाली तर मी वाऱ्यावर आणि डबक्यांवर लावेन. जुलैत त्या पठारावर वारा पश्चिम-नैऋत्येचा. १९० वर चालताना तो उजव्या गालावर बसतो. पाऊस डोळ्यांत जाऊ नये म्हणून माणूस तोंड डावीकडे वळवतो आणि पाय तोंडामागे जातात. वाटेत डबकं आलं की वारा ढकलतो त्या बाजूनेच, म्हणजे पुन्हा डावीकडून वळसा. प्रत्येक वळशानंतर होकायंत्र बघून पुन्हा १९० धरलं असेल, आकडा अगदी बरोबर असेल, पण आता तुम्ही जुन्या रेषेला समांतर, चार मीटर डावीकडच्या दुसऱ्याच रेषेवर असता. अशी पन्नास डबकी झाली की दोनशे मीटर.

मित्राच्या रंब लाइनकडे वळतो, कारण ती कल्पना फार देखणी आहे आणि तुमच्या प्रसंगात उपयोगी नाही म्हणून टाकून देण्यासारखी नाही. बाजारातून पट्ट्यांचं कलिंगड आणा. देठापासून बुडापर्यंत गेलेले हिरवे पट्टे म्हणजे रेखावृत्तं. आता स्केचपेनने एक रेघ अशी ओढा की ती प्रत्येक पट्ट्याला त्याच कोनात कापेल, समजा ४५ अंशांत. मध्यावर रेघ अगदी सरळ वाटते. देठाजवळ पट्टे एकमेकांच्या जवळ येतात, तरी कोन तोच ठेवायचा, म्हणून रेघ देठाभोवती गोगलगाईसारखी फिरायला लागते. हीच रंब लाइन, पुस्तकी नाव लोक्सोड्रोम. मी मुलांना शिकवताना 'एकदिशा वाट' म्हणतो. गणितात ती ध्रुवाभोवती अनंत फेऱ्या मारते, तरी तिची लांबी मोजता येते: विषुववृत्तावरून सरळ उत्तरेला ध्रुव सुमारे १०,००० किलोमीटर, आणि ४५ अंशांची एकदिशा वाट धरली तर सुमारे १४,१४२ किलोमीटर.

'एकच दिशा म्हणजे सरळ' हा समज मोडायला याहून सोपं उदाहरण आहे. उत्तर ध्रुवापासून शंभर मीटरवर उभे राहा आणि कायम खऱ्या पूर्वेला चालत राहा. ६२८ मीटर चाललात की होतात तिथेच याल. दिशा एकदाही सोडली नाही आणि पूर्ण गोल फिरलात. साताऱ्यातही पूर्वेला चालताना आपण हेच करतो, फक्त गोल इतका मोठा की डावीकडचं वळण पायाला कळत नाही.

हे पहिल्यांदा नीट मांडलं पेद्रो नुनेश या पोर्तुगीज गणितज्ञाने, १५३७ मध्ये. तेसुद्धा एका दर्यावर्दीने प्रश्न विचारला म्हणून. विचारणारा मार्तिम आफोन्सो द सोझा ब्राझीलच्या बाजूची सफर करून परतला होता, आणि हाच माणूस पुढे १५४२ ते १५४५ गोव्यात गव्हर्नर होता. नंतर १५६९ मध्ये मर्केटरने असा नकाशा काढला की त्यावर पट्टीने ओढलेली कोणतीही रेघ एकदिशा वाटच निघावी. त्यासाठी त्याला वरचे अक्षांश ताणावे लागले. साठ अंशांवर सगळं दुप्पट लांब-रुंद दिसतं, म्हणून शाळेच्या नकाशात ग्रीनलंड भारताहून मोठं वाटतं. प्रत्यक्षात भारत त्याच्या दीडपट आहे. खलाशाला ग्रीनलंडच्या आकाराशी काय घेणं? त्याला पट्टी ठेवायची, कोन मोजायचा आणि सुकाणूवाल्याला सांगायचा, 'झीरो फोर फाइव्ह', तीनही आकडे सुटे सुटे, म्हणजे पंचेचाळीस आणि दोनशे पंचेचाळीस यांत घोटाळा नको.

मग सर्वांत जवळची वाट कोणती? गोलावर दोरा ताणून धरला की जी पडते ती, तिला ग्रेट सर्कल म्हणतात. तिच्यावर होकायंत्राचा आकडा सतत बदलतो. मुंबईहून न्यूयॉर्कला एकदिशा वाटेने निघालात तर कायम २८० अंश धरून सुमारे १४,२०० किलोमीटर होतात. दोरा ताणलात तर साडेबारा हजार, पण सुरुवात ३३३ अंशांवर, म्हणजे चक्क उत्तर-वायव्येला. विमानातल्या पडद्यावर वाट कमानीसारखी दिसते ती याच कारणाने. कमान नकाशात असते. जहाजाला हे मुंबई-न्यूयॉर्क करता येत नाही, मधे जमीन आहे, पण योकोहामा ते सॅन फ्रान्सिस्कोला करता येतं. तिथे सुमारे अडीचशे सागरी मैल वाचतात आणि बदल्यात ४८ अंश उत्तरेपर्यंत वर जावं लागतं, जिथे हिवाळ्यात समुद्र भांडी फोडतो. म्हणून जवळची वाट घ्यायची की नाही हे हवामान ठरवतं. घेतलीच तर ती लांब कमान आम्ही तुकड्यांत मोडतो आणि प्रत्येक तुकडा एकदिशा वाटेने कापतो. सुकाणूवाल्याला दर मिनिटाला नवा आकडा कोण देणार?

'बेअरिंग कायम' याचा आणखी एक अर्थ आहे आणि तो जिवावरचा आहे. थर्ड ऑफिसर म्हणून माझ्या सुरुवातीच्या रात्रपाळ्यांपैकी एकीत, मलाक्काच्या सामुद्रधुनीत, खिडकीच्या उजव्या कोपऱ्यात एक दिवा होता. दहा मिनिटांनी तिथेच होता. हलत नाही म्हणजे लांब असेल, स्थिर असेल, असं मी धरलं. कप्तान चहा घेऊन आले, खिडकीच्या चौकटीला डोळा लावला आणि कप तसाच ठेवून स्वतः वळणाचा हुकूम दिला. दिवा मोठा होत होता, जागा सोडत नव्हता, म्हणजे तो आणि आम्ही एकाच ठिकाणी एकाच वेळी पोचणार होतो. टक्कर टाळण्याच्या १९७२च्या आंतरराष्ट्रीय नियमांत, सातव्या क्रमांकाच्या नियमात हेच आहे: जवळ येणाऱ्या जहाजाचं बेअरिंग लक्षात येण्याइतकं बदलत नसेल तर धोका आहे असंच समजायचं. फार मोठं जहाज असेल किंवा अगदी जवळ असेल तर बेअरिंग बदलत असूनही धोका असतो, हेही तिथेच पुढे आहे.

तासगावकरांना याचं उदाहरण समुद्रात शोधायला नको. गळीत हंगामात दोन ट्रॉल्यांचा उसाचा ट्रॅक्टर आडव्या रस्त्याने येत असतो आणि तुमच्या गाडीच्या काचेलगतच्या खांबाआड बसतो. बेअरिंग कायम असेल तर तो त्या खांबाआडून बाहेरच येत नाही, थेट चौकात दिसतो. चौकाआधी मान पुढे-मागे करून बघा.

आतापर्यंतचं गोळा करतो. नाकाची दिशा, जमिनीवरची वाट आणि दुसऱ्या वस्तूची दिशा या तीन वेगळ्या गोष्टी. तुम्ही पहिली कायम ठेवलीत, हवी होती दुसरी. रंब लाइन हा दुसरीचाच, जगाच्या आकाराचा प्रकार, आणि दोन किलोमीटरला तिचा संबंध नाही.

मग वाट कशी धरायची? दिसत असेल तर होकायंत्र खिशात टाका. बामणोलीहून शिवसागर ओलांडून वासोट्याकडे जाताना मी एकदा नातवंडांसमोर भाव खायला होकायंत्र काढलं. लाँचवाला हसला. "साहेब, ते वाळकं झाड आणि मागच्या डोंगराची खाच एकावर एक ठेवायची. झाड खाचेच्या डावीकडे गेलं की आपण उजवीकडे वाहत गेलो." चाळीस वर्षांच्या बोटीवर, डिझेल इंजिनच्या थरथरीत, तो माणूस अर्ध्या अंशाच्या आत लाँच चालवत होता. दोन खुणा एका रेषेत ठेवणं, ज्याला आम्ही ट्रान्झिट म्हणतो, त्यात ना दिक्पात येतो ना डेव्हिएशन, आणि वाऱ्याने ढकललं तर लगेच कळतं. होकायंत्र मी परत पिशवीत ठेवलं.

धुकं असेल आणि पन्नास पावलांवरचा दगड दिसत असेल तर तोच खूण. १९० वरचा दगड निवडा, त्याच्यापर्यंत कसेही जा, डबकं हवं तिकडून ओलांडा, दगडावर उभे राहून पुढचा निवडा. दोघे असाल तर आणखी बरं: एकाला मागे उभा ठेवा, पुढचा मागे वळून त्याचं बेअरिंग घेईल. ते १९० उणे १८०, म्हणजे १० अंश यायला हवं. बारा आलं तर तुम्ही सरकलात.

आणि जिथे पोचायचंय ते रस्त्याच्या कडेला असेल, तुमच्या गाडीसारखं, तर मुद्दाम चुका. आकडा बरोबर गाडीवर धरलात तर रस्त्यावर आल्यावर ती कोणत्या हाताला आहे हे कळायला मार्ग नसतो, तुमचं तेच झालं. वारा डावीकडे ढकलतोय ना, मग १९० ऐवजी १८० धरायचं. दोन किलोमीटरला साडेतीनशे मीटर डावीकडे जाल, वर वारा काय नेईल ते नेईल. रस्ता लागला की उजवीकडे वळायचं आणि गाडी येईपर्यंत चालायचं.